नाडी, धमनी आणि आपण नाडिंधम

(मंडळाच्या वार्षिक स्नेहसंमेलनात दिलेले भाषण)



कार्यकारी मंडळाने यंदाच्या संमेलनात आम्हांस बोलण्याची आज्ञा केली, तेव्हा विषय कोणता घ्यावा हा प्रश्न काही दिवस आमच्या मनात घोळत होता. ज्ञातीचा इतिहास, विद्यार्थ्यांस शिष्यवृत्त्या, विवाहातील खर्च हे विषय आपल्या व्यासपीठावर वरचेवर येतात व ते यावेतही. आज मात्र आम्ही एका शब्दाविषयी बोलणार आहोत. तो शब्द म्हणजे ‘धमनी’. हा तर वैद्यांचा आणि डॉक्टरांचा शब्द, सोनारकाम करणाऱ्या कुळांच्या मेळाव्यात त्याचे काय काम, असे कोणास वाटेल. परंतु या शब्दाचा आपल्या बागेसरीशी आणि वाकनळीशी जो संबंध आहे, तो ऐकल्यावर तो आपल्या घरचाच वाटू लागेल, असा आमचा विश्वास आहे. शिवाय या शब्दाच्या अर्थाविषयीचे अज्ञान आमच्या घराला एकदा फार महाग पडले आहे. ती हकीकत आम्ही शेवटी सांगू.

प्रथम शब्दाकडे वळू. संस्कृतात ‘ध्मा’ असा एक धातू आहे. त्याचे रूप ‘धमति’ असे होते आणि त्याचा अर्थ ‘फुंकतो’. शंख फुंकणे, अग्नी फुंकणे, फुंकून धातू वितळविणे, या सर्व क्रियांस हाच धातू लागतो. गीतेच्या पहिल्या अध्यायात वीरांनी आपापले शंख वाजविले तेथे ‘दध्मौ’ हे क्रियापद येते, ते याच धातूचे. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलात सृष्टीच्या उत्पत्तीचे वर्णन करताना ब्रह्मणस्पतीने धातुकाम करणाऱ्या कारागिराप्रमाणे फुंकून हे सर्व घडविले, अशी कल्पना आहे. म्हणजे जगाची पहिली घडण सांगावयाची तर आपल्या पूर्वजांस भट्टी आणि फुंकणारा कारागीर यांच्याहून समर्पक उपमा सुचली नाही. आपल्या व्यवसायास याहून मोठे प्रशस्तिपत्र कोणते हवे?

या ‘ध्मा’ धातूपासूनच ‘धमनी’ हा शब्द झाला. त्याचा मूळचा अर्थ फुंकण्याची नळी असा. आता अमरकोशाकडे पाहा. त्यात सुवर्णकाराचे जे पर्याय दिले आहेत, त्यांत ‘नाडिंधम’ हा एक आहे. नाडी म्हणजे नळी, आणि ती फुंकणारा तो नाडिंधम. या शब्दाच्या घडणीसाठी पाणिनीने आपल्या व्याकरणाच्या तिसऱ्या अध्यायात स्वतंत्र सूत्र दिले आहे. यावरून हा शब्द अमरकोशाहूनही कितीतरी जुना, हे उघड आहे. वाकनळ तोंडात धरून, गालांचा भाता करून, नाकाने श्वास घेत घेत दिव्याची ज्योत डाखावर रोखून धरणारा कारागीर ज्यांनी लहानपणी पाहिला असेल, त्यांस ‘नाडिंधम’ या शब्दाचा अर्थ निराळा सांगावयास नको. तेव्हा नाडी आणि धमनी हे वैद्यकातील जे दोन थोर शब्द, ते दोन्ही आपल्या एका जुन्या नावात एकत्र नांदत आहेत.

हा फुंकण्याचा शब्द शरीरात कसा शिरला? अथर्ववेदाच्या पहिल्या कांडात वाहते रक्त थांबविण्यासाठी म्हणावयाचे एक सूक्त आहे. त्यात ‘हिरा’ आणि ‘धमनी’ अशी शरीरातील नळ्यांची दोन नावे आली असून धमन्या शेकड्यांनी व हिरा हजारांनी मोजल्या आहेत. या ‘हिरा’ची पुढे ‘सिरा’ झाली आणि मराठीत ‘शीर’. चरकाने आपल्या सूत्रस्थानाच्या तिसाव्या अध्यायात या नावांची फोड केली आहे. ध्मान होते म्हणून धमनी, स्रवते म्हणून स्रोतस आणि सरते म्हणून सिरा, असा त्याचा आशय. ‘ध्मान’ म्हणजे भरून फुगणे, असे टीकाकार सांगतात.

सुश्रुताने शारीरस्थानाचा संपूर्ण नववा अध्याय धमन्यांस वाहिला आहे. त्याच्या मते धमन्या चोवीस. त्या नाभीपासून निघतात. दहा वर जातात, दहा खाली जातात आणि चार आडव्या पसरतात. वर जाणाऱ्या धमन्या काय वाहून नेतात, याची त्याने दिलेली यादी पाहण्यासारखी आहे. शब्द, स्पर्श, रूप, रस, गंध तर त्यांत आहेतच, पण श्वास-उच्छ्वास, जांभई, हसणे, बोलणे, रडणे हेही आहे. म्हणजे आज आपण ज्यांस श्वासमार्ग म्हणतो, ज्यांस मज्जातंतू म्हणतो आणि ज्यांस रक्तवाहिन्या म्हणतो, त्या तिहींचे काम एका ‘धमनी’ शब्दाने तेथे केले आहे.

सिरांसाठी सुश्रुताने दिलेली उपमा मात्र आपल्या अष्टागरातील माणसास फार जवळची वाटेल. बागेला पाण्याचे पाट आणि शेताला कालवे, तशा शरीराला सिरा, असे तो म्हणतो. चौल, नागाव, रेवदंड्याच्या वाड्यांतून रहाटाचे पाणी पन्हळीतून पाटात, पाटातून आळ्यात आणि आळ्यातून नारळी-पोफळींच्या मुळांशी जाताना ज्यांनी पाहिले आहे, त्यांस शरीररचनेचा हा पाठ पुस्तकावाचून समजेल. एखादा पाट तुंबला तर त्याच्या टोकाची पोफळ सुकते. आजचे हृदयरोगाचे शास्त्र याहून फार निराळे सांगत नाही.

येथे एक आश्चर्य सांगण्यासारखे आहे. इकडे धमनीची जी कथा, तीच तिकडे ग्रीक देशात ‘आर्तेरिया’ या शब्दाची. इंग्रजीत ज्यास आर्टरी म्हणतात, तो शब्द या आर्तेरियापासून आला. परंतु प्राचीन ग्रीक वैद्य हा शब्द घशातील श्वासनलिकेस व तिच्या फाट्यांस लावीत. पुढे तो हृदयापासून निघणाऱ्या नळ्यांसही लावला गेला. तेव्हा दोहोंत भेद करण्यासाठी श्वासनलिकेला ‘खरखरीत आर्तेरिया’ म्हणू लागले. आपण आपल्या कंठावरून हलकेच बोट फिरविले, तर कूर्चेच्या कड्यांचा हा खरखरीतपणा बोटास लागतो. त्या कड्या सोळा ते वीस असून इंग्रजी सी अक्षराप्रमाणे मागच्या बाजूस उघड्या असतात. काळाच्या ओघात त्या जोडनावातील ‘आर्तेरिया’ गळाला आणि ‘खरखरीत’ एवढेच विशेषण उरले. आजचा ट्रेकिया हा शब्द म्हणजे ते विशेषण होय. नाव रक्ताच्या नळीकडे गेले आणि वायूच्या नळीकडे नुसते विशेषण राहिले! आर्तेरिया म्हणजे ‘वायू राखणारी’ अशी व्युत्पत्ती जुन्या काळी सांगत. आजचे पंडित ती मानीत नाहीत. ते हा शब्द उचलणे, टांगणे या अर्थाच्या क्रियापदाशी जोडतात. ऐकावयास गोड लागते ती व्युत्पत्ती खरी असतेच असे नाही, हा धडा यात आहे.

परंतु दोन दूरच्या देशांत वायूचे आणि रक्ताचे मार्ग एकाच नावाखाली का यावेत? ग्रीकांच्या बाबतीत याचे कारण प्रेतात सापडते. मृत्यूनंतर धमन्यांच्या जाड, लवचीक भिंती आकसतात आणि त्यांतील बहुतेक रक्त शिरांत उतरते. प्रेत उघडून पाहणाऱ्यास शिरा रक्ताने भरलेल्या व धमन्या बहुतांशी रित्या दिसतात. रित्या नळीत वायूच असणार, असे अनुमान सहजच निघते. इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकात अलेक्झांड्रियात नावाजलेला एरासिस्त्रातुस हा मोठा शरीरशास्त्रज्ञ. धमन्यांत प्राणवायूसारखे एक तत्त्व वाहते व रक्त केवळ शिरांत असते, असे त्याचे मत होते. जिवंत माणसाची धमनी कापली तर रक्त उसळते, त्याचे काय? त्यावर, वायू निसटून जातो आणि त्याच्या जागी शिरांतील रक्त ओढले जाते, असे त्याचे उत्तर. चारशे वर्षांहून अधिक काळ लोटल्यावर, इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात, गालेन या वैद्याने जिवंत प्राण्याची धमनी दोन ठिकाणी बांधून मधला भाग उघडला आणि आत रक्तच आहे हे दाखविले. त्यानंतरही रक्त गोल फिरते हे सिद्ध होण्यास 1628 साल उजाडावे लागले. त्या वर्षी विल्यम हार्वे या इंग्रज वैद्याचा ग्रंथ निघाला. धमन्यांतून शिरांत रक्त कोणत्या सूक्ष्म वाटांनी जाते, ते 1661 मध्ये माल्पिघी याने सूक्ष्मदर्शकातून पाहिले. चूक दुरुस्त झाली, पण नाव तेच राहिले.

इकडे सुश्रुतानेही प्रेत पाण्यात ठेवून, ते मऊ झाल्यावर हलकेच घासून थरामागून थर पाहण्याची रीत सांगितली आहे. डोळ्यांनी पाहिलेले आणि शास्त्रात वाचलेले यांचा मेळ घालावा, असा त्याचा आग्रह होता. हा आग्रह आपण विसरू नये. पुढे शार्ङ्गधराने नाडीपरीक्षा सांगताना अंगठ्याच्या मुळाशी उडणाऱ्या धमनीला जिवंतपणाची साक्ष देणारी मानले. आजही वैद्य आणि डॉक्टर दोघेही प्रथम तेथेच बोट ठेवतात.

आता आपल्या मराठीकडे या. आपल्या घराघरांत या नळ्यांसाठी शब्दांची मोठी गर्दी आहे. शीर, नस, नाडी, रग. ‘शीर चढली’ म्हणतो तेव्हा स्नायू आखडलेला असतो. ‘नस दबली’ म्हणतो तेव्हा मज्जातंतूविषयी बोलत असतो. आणि ‘शिरेतून औषध दिले’ म्हणतो तेव्हा कोठे खरी शीर येते. ‘रग’ हा फारसीतून आलेला पाहुणा आता रक्तवाहिनीपेक्षा घमेंडीचाच अर्थ अधिक सांगतो. नाडीचे तर विचारूच नका. वैद्याच्या हाती ती एक, कालगणनेत चोवीस मिनिटांची दुसरी, परकराची तिसरी, आणि पत्रिका जुळविताना एकनाड निघून ठरत आलेले लग्न मोडते ती चौथी! आपल्या वधूवर सूचक मंडळास या चौथीचा अनुभव पुष्कळ आहे.

‘दम’, ‘दमा’, ‘दमछाक’ हे शब्दही फारसीतून आले. फारसीतील ‘दम’ म्हणजे श्वास. तो शब्द आणि संस्कृत ‘धम्’ हे एकाच प्राचीन कुळातील भावंडे आहेत. फारसीत ‘दमा’ म्हणजे श्वासाचा विकार, आणि भाताही. तेव्हा म्हाताऱ्या कारागिराची छाती भात्यासारखी चालते असे आपण म्हणतो, त्यात उपमा कोणती आणि शब्दार्थ कोणता हे ठरविणे कठीण. इतिहासाचार्य राजवाडे आपल्याच जिल्ह्यातील, पेण तालुक्यातील वरसईचे. शब्दांच्या मुळाशी जाण्याची जी दृष्टी त्यांनी महाराष्ट्राला दिली, तिचा थोडा तरी अंश त्यांच्या शेजाऱ्यांत उतरावा, एवढीच इच्छा.

शास्त्रीय मराठीत दोन जोड्या चालत आल्या आहेत. आमच्या पिढीने ‘रोहिणी’ आणि ‘नीला’ हे शब्द पाठ केले. मराठी विश्वकोशाचा पहिला खंड 1976 मध्ये निघाला, आणि त्या कोशातही हे शब्द वापरले आहेत. हे दोन्ही शब्द सुश्रुताच्या सिरावर्णनात रंगांवरून आलेले आढळतात. आजची मुले ‘धमनी’ आणि ‘शीर’ म्हणतात. शब्द कोणताही घ्या, अर्थ मात्र नीट घ्या. ‘धमनी म्हणजे शुद्ध रक्ताची नळी’ ही व्याख्या आम्ही पाठ केली होती आणि ती अपुरी आहे. हृदयापासून फुप्फुसाकडे जाणारी नळी अशुद्ध रक्त नेते, तरीही ती धमनीच. हृदयापासून दूर नेते ती धमनी, हृदयाकडे आणते ती शीर, हीच खरी खूण.

मातृभाषेतून ज्ञान द्यावे असा आग्रह धरणारे जगन्नाथ शंकरशेट, आपले नाना, यांचे स्मरण येथे झाल्यावाचून राहत नाही. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास, मुंबईच्या शिक्षण मंडळात, शिक्षण इंग्रजीतूनच द्यावे या मताचा अर्स्किन पेरी यांच्यासारखा अधिकारी समोर असता, सर्वसामान्य जनतेला ज्ञान द्यावयाचे तर ते तिच्याच भाषेत द्यावे लागेल, अशी बाजू नानांनी निर्भयपणे मांडली. हा वाद केवळ शाळांचा नव्हता. ज्या भाषेत माणूस कण्हतो, त्या भाषेत त्याच्या दुखण्याला नेमके नाव नसेल तर काय होते, ते आता सांगतो.

आमचे थोरले काका पेढीवर बसून उभा जन्म वाकनळ फुंकीत आले. एके रात्री जेवणानंतर त्यांच्या छातीत मध्यभागी दडपल्यासारखे होऊ लागले. ‘छातीत वारा धरला आहे’, असे ते म्हणाले. आपल्याकडे तसेच म्हणतात. घरातील आम्ही सर्वांनी ते मानले. ओवा दिला, हिंगाचे पाणी दिले, पाठीला शेक दिला. त्यांना दरदरून घाम आला, तो आम्ही उकाड्याचा समजलो. डावा हात जड झाला, तो आम्ही दिवसभर वाकनळ धरल्याचा शीण समजलो. ढेकर येईल, वारा सरेल, या आशेवर चार तास गेले. पहाटे गाडी करून अलिबागेस पोहोचलो, तेव्हा तपासणाऱ्या डॉक्टरांनी दोनच वाक्ये उच्चारली. हृदयाची धमनी बंद झाली आहे, आणि आपण उशीर केला. दिवस उजाडण्यापूर्वी काका गेले. उशीर दुसऱ्या कोणी केला नव्हता, आम्हीच केला होता.

पुढे कित्येक दिवस आम्हांस एकच विचार सतावीत होता. एरासिस्त्रातुसाने धमनीत वारा मानला, ती चूक गालेनने मोडली, त्यास अठराशे वर्षे होऊन गेली. आणि आमच्या माजघरात त्या रात्री धमनीच्या विकारास आम्ही वाराच समजत होतो! पुस्तकातील चूक पुस्तकात दुरुस्त झाली, पण ती आमच्या घरापर्यंत पोहोचली नव्हती. या शब्दाचा शोध आम्ही घेतला तो त्यानंतर.

म्हणून ज्ञातिबांधवांस आमची हात जोडून विनंती आहे. छातीच्या मध्यभागी दडपण, ते खांद्यात, हातात, जबड्यात किंवा पाठीत पसरणे, घाम सुटणे, धाप लागणे, यांपैकी काही आढळल्यास त्यास वारा म्हणू नका. स्त्रियांत आणि मधुमेह असलेल्यांत कधी कधी नुसते अपचनासारखे वाटते, मळमळते, थकवा येतो. ओवा द्यावयाचा तो वाटेत द्या, पण वाट धरा. 108 या क्रमांकावर रुग्णवाहिका मिळते. हृदयाचा आलेख काढून तो साधा वारा निघाला, तर हसत घरी या. तसे हसण्यात कमीपणा नाही.

दुसरी गोष्ट श्वासाच्या नळीची. आपला धंदा फुंकण्याचा, तेव्हा आपण जेवढे बाहेर फुंकतो, तेवढे आतही घेतो. शोऱ्याच्या तेजाबाचा पिंगट धूर श्वासमार्ग जाळतो. कॅडमियम मिसळलेला डाख त्याहून घातक. त्याची वाफ श्वासावाटे गेल्यास लगेच काही जाणवत नाही. काही तासांनी ताप आणि खोकला येतो, तो साध्या पडशासारखा वाटतो, आणि फुप्फुसांस सूज येऊन प्राणावर बेतू शकते. थोडी थोडी वाफ वर्षानुवर्षे गेली तर मूत्रपिंडे निकामी होतात. तेव्हा हा डाख पेढीवरून हद्दपार करा, आणि तेजाबाचे काम करावयाच्या जागी खिडकी व वारा ओढून घेणारा पंखा अवश्य ठेवा. वाड्याच्या काळोख्या खोलीत बागेसरी पेटवून बसण्याची आपली जुनी सवय आता सोडली पाहिजे. मणी, फासे, कड्या लहान मुलांच्या हाती लागू देऊ नका. श्वासनलिकेचा उजवा फाटा अधिक रुंद व सरळ असतो, म्हणून गिळता गिळता चुकलेला मणी बहुधा तिकडे उतरतो. मूल एकाएकी खोकू लागले, त्याच्या श्वासाला शीळ येऊ लागली, तर पेढीवरचा एखादा मणी कमी तर नाही ना, हे आधी पाहा, आणि मुलाला लागलीच डॉक्टरांकडे न्या.

शेवटी एक सूचना मंडळास. आपल्या वृद्ध कारागिरांच्या जिभेवर बागेसरी, वाकनळ, मूस, सवागी, डाख असे शेकडो शब्द आहेत. त्यांतील एकेका शब्दाच्या पोटात किती काळ साठलेला असतो, ते आज आपण एका ‘धमनी’वरून पाहिले. ते वृद्ध आपल्यात आहेत तोवर त्यांच्याजवळ बसून हे शब्द लिहून घ्यावेत, व पुढील स्मरणिकेत त्यांची एक यादी छापावी. आमच्या काकांचे शब्द लिहून घ्यावयाचे राहून गेले, ही रुखरुख आम्हांस आहे. इतरांस ती नसावी.